घराचा हप्ता : कमाईची वीस वर्षे कोणाच्या नावे?

हिंगोली जिल्ह्यातील कर्ज म्हटले की वर्तमानपत्रांना फक्त पीककर्ज दिसते. २०२३ च्या नोव्हेंबरमध्ये सेनगाव तालुक्यातील गोरेगाव भागातल्या शेतकऱ्यांनी 'आमचे अवयव विकत घ्या, पण बँकेचे कर्ज फेडून टाका' असे पत्र थेट मुख्यमंत्र्यांना धाडले. त्याने मुंबईपर्यंत खळबळ उडाली आणि ती उडायलाच हवी होती. पण याच जिल्ह्यात आणखी एक कर्ज घराघरात मुक्कामाला आहे. त्याच्यासाठी कोणी मोर्चा काढत नाही, त्याची माफी कोणी मागत नाही, आणि ते अंगावर आहे हे पाहुण्यांना सांगताना माणूस लाजत तर नाहीच, उलट छाती फुगवतो. ते म्हणजे गृहकर्ज. ते फेडतो जिल्हा परिषदेचा शिक्षक, ग्रामसेवक, एस.टी.चा वाहक, पोलीस शिपाई, दवाखान्यातील नर्सताई. शिकून नोकरीला लागलेली आपली पहिली-दुसरी पिढी!

ही पिढी घर घ्यायला एवढी उतावीळ का असते, हे बँकेच्या अधिकाऱ्याला कळणार नाही, आपल्याला कळते. वसमतला, कळमनुरीला किंवा खुद्द हिंगोलीत भाड्याची खोली बघायला गेले की घरमालक आधी पगार विचारत नाही, आडनाव विचारतो. आडनावावरून उमगले नाही तर गाव विचारतो, मग गावातला वाडा. 'आमच्याकडे नुकतीच दुसऱ्याला दिली' हे उत्तर ऐकून परत फिरलेला माणूस मनाशी ठरवतो, की आता भाड्याचे घर नको. हा निर्णय स्वाभिमानाचा आहे. त्याला कोणी उधळेपणा म्हणू नये. परंतु अपमानाने पेटलेला माणूस घाईत असतो, आणि घाईतल्या गिऱ्हाईकाकडून सही घेणे सर्वात सोपे असते. मंजुरीपत्राची पाने उलटत जाऊन जिथे खूण केली असेल तिथे सही. आत काय लिहिले आहे ते पुढची वीस वर्षे कळत राहते.

म्हणून आधी साधा हिशेब करू. एखाद्या शिक्षक बांधवाने २० लाखांचे कर्ज ९ टक्के दराने २० वर्षांसाठी घेतले. महिन्याचा हप्ता येतो सुमारे १७,९९५ रुपये. पहिल्या महिन्यात या रकमेतले १५,००० रुपये व्याजात जातात, मुद्दलात जमा होतात फक्त २,९९५. वर्षभरात त्याने बँकेला जवळपास २ लाख १६ हजार रुपये दिले. कर्ज मात्र ३७,५०० रुपयांच्या आतच कमी झाले. पाच वर्षांनी त्याने भरलेले असतात १० लाख ८० हजार, आणि तरीही बाकी असते १७ लाख ७४ हजार. निम्मे मुद्दल फिटायला तब्बल १४ वर्षे लागतात. वीस वर्षांअखेर एकूण भरणा ४३ लाख १९ हजार. म्हणजे २० लाखांच्या कर्जावर व्याजच २३ लाखांहून अधिक.

यात बँकेने लबाडी केलेली नाही, हेही सांगितले पाहिजे. व्याज दरमहा शिल्लक मुद्दलावर लागते. सुरुवातीला मुद्दल मोठे म्हणून व्याज मोठे, एवढाच त्याचा मेळ. पण हा मेळ सही करण्यापूर्वी किती जणांना कोणी कागदावर मांडून दाखवला?

'मुदत वाढवून घ्या साहेब, हप्ता हलका होतो' हा सल्ला तर प्रत्येक ठिकाणी मिळतो. तोही तपासू. हेच २० लाख ३० वर्षांसाठी घेतले तर हप्ता १६,०९२ रुपये होतो. महिन्याला १,९०० रुपये सुटले! पण एकूण भरणा ५७ लाख ९३ हजारांवर गेला. म्हणजे महिन्याला दोन हजारांची सवलत मिळावी म्हणून पावणेपंधरा लाख जास्त मोजले. उलट १५ वर्षांची मुदत घेतली तर हप्ता २०,२८५, म्हणजे दरमहा सुमारे २,३०० जास्त, पण एकूण भरण्यात ६ लाख ६७ हजारांची बचत. ज्याला पगारातून दोन हजार काढणे शक्यच नाही त्याला हा उपदेश कामाचा नाही, हे मान्य. पण ज्याला शक्य आहे त्याच्यापुढे हे दोन्ही आकडे शेजारी शेजारी ठेवले जात नाहीत, ही माझी तक्रार आहे.

कोणी म्हणेल, वकीलसाहेब, वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा राहणार आहे का? प्रश्न बरोबर आहे. १९२३ साली रुपयाच्या प्रश्नावर ग्रंथ लिहिणाऱ्या बाबासाहेबांच्या अनुयायांना रुपयाचे मोल बदलते हे सांगायला नको. पगार वाढतो, महागाईभत्ता वाढतो, आणि १८ हजारांचा हप्ता दहा वर्षांनी तितका जड वाटत नाही. भाडेही वाचते. त्यामुळे ४३ लाखांचा आकडा बघून घाबरून घरच घेऊ नये, असे मी म्हणत नाही. पण हा युक्तिवाद ज्याचा पगार नियमाने वाढतो त्याच्यासाठीच आहे. कंत्राटी आरोग्यसेवकाचा, खासगी शाळेतील शिक्षकाचा, रोजंदारीवरील चालकाचा पगार महागाईच्या मागे लंगडत चालतो. त्याच्यासाठी हप्ता हलका होत नाही, फक्त जुना होतो.

आता बदलत्या व्याजदराकडे येऊ, कारण खरी मेख तिथे आहे. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांनी दिलेली बदलत्या दराची नवी गृहकर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या मापाला जोडावी लागतात. कोरोनाच्या काळात, मे २०२० मध्ये, रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवर आणला. घरे स्वस्त झाल्यासारखी वाटली आणि लोकांनी कर्जे उचलली. मग मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत हाच दर साडेसहा टक्क्यांवर गेला. अडीच टक्के वाढ!

समजा, ऑगस्ट २०२१ मध्ये एकाने ६.९ टक्के दराने २० लाख, २० वर्षांसाठी घेतले. हप्ता १५,३८६ रुपये. दीड वर्षाने दर ९.४ टक्के झाला तेव्हा बाकी होते सुमारे १९ लाख २६ हजार. मधल्या वाढीचा हिशेब सोडून दिला तरी आता महिन्याचे व्याजच १५,०९१ रुपये होते. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जमा होतात महिन्याला २९५ रुपये! या वेगाने ते कर्ज फिटायला आणखी ४२ वर्षे लागली असती. हप्ता वाढला नाही म्हणून घरात सगळे खूश, आणि तिकडे संगणकात मुदत नातवापर्यंत पोहोचलेली. अशा वेळी बँका मुदत ताणता येईल तितकी ताणतात आणि मग हप्ताही वाढवतात. कर्जदाराला पत्ता लागतो तो खात्यातून जास्त रक्कम वळती झाली की.

या प्रकाराला आळा घालण्यासाठी रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. त्यानुसार दर बदलल्याने हप्ता किंवा मुदत वाढणार असेल तर तसे कर्जदाराला लगेच कळवले पाहिजे. हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे ठरवण्याची संधी त्याला दिली पाहिजे. मुदतीपूर्वी रक्कम भरण्याची मुभा दिली पाहिजे. दर तिमाहीला आजवर किती मुद्दल, किती व्याज भरले आणि किती हप्ते उरले हे सांगणारे विवरण उपलब्ध करून दिले पाहिजे. हा उपकार नाही, नियम आहे. बँकेत जाऊन एका साध्या अर्जावर तो मागा, आणि अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. तोंडी बोलण्याला पुराव्यात किंमत नसते.

आणखी एक. २०२५ मध्ये फेब्रुवारी ते डिसेंबर या काळात रेपो दर सव्वा टक्क्याने खाली आला. तुमचा व्याजदर उतरला का? ज्यांचे कर्ज जुन्या पद्धतीच्या दराला बांधलेले आहे, त्यांच्यापर्यंत ही उतरण उशिरा पोहोचते आणि कमी पोहोचते. अर्ज करून कर्ज रेपोला जोडून घेता येते. आणि गृहवित्त कंपन्यांवर तर बाहेरच्या मापाला दर बांधण्याची सक्तीच नाही. त्या आपला दर आपणच ठरवतात.

या कंपन्यांकडे आपली माणसे का जातात, हा प्रश्न आपल्या चळवळीचा आहे, फक्त बँकेचा नाही. राष्ट्रीयीकृत बँकेला स्वच्छ हक्कलेख लागतो. आपल्याकडची जागा कोणती? गायरान, गावठाणातील कागद नसलेली, इनामी-वतनी, भोगवटादार वर्ग-२ ची, किंवा गुंठ्यावर घेतलेला अकृषिक नसलेला तुकडा. दादासाहेब गायकवाडांच्या नेतृत्वाखाली १९५९ मध्ये आणि पुन्हा १९६४-६५ मध्ये भूमिहीनांनी तुरुंग भरले ते या जमिनीसाठी. जमीन कसायला, राहायला मिळाली तिथेही सातबाऱ्यावर नाव चढता चढता पिढ्या गेल्या. आणि ज्याच्या नावाचा कागद नाही त्याला बँक दारात उभे करत नाही. मग चार-सहा टक्के जास्त दराने देणारी कंपनी गाठावी लागते. दहा लाख रुपये १५ वर्षांसाठी साडेआठ टक्क्यांनी घेतले तर एकूण १७ लाख ७३ हजार भरावे लागतात. तेच १४ टक्क्यांनी घेतले तर २३ लाख ९७ हजार. हा सव्वासहा लाखांचा फरक म्हणजे नावावर कागद नसल्याचा दंड आहे. तो कोण भरतो, आणि पिढ्यान् पिढ्या कोण भरत आला, ते वेगळे सांगायला नको. म्हणून वर्ग-२ ची जमीन वर्ग-१ करून घेणे, अतिक्रमण नियमानुकूल करून घेणे, गावठाणाच्या मोजणीनंतर मिळकतपत्रिका हातात घेणे, ही कामे कार्यकर्त्यांनी जयंतीच्या वर्गणीइतक्याच हिरिरीने करायला हवीत.

ज्यांना रमाई आवास घरकुल योजनेत बसता येते त्यांनी आधी तिकडे जावे. ते अनुदान आहे, कर्ज नाही. शहरात प्रधानमंत्री आवास योजनेच्या जुन्या व्याज अनुदानाची, म्हणजे २ लाख ६७ हजारांपर्यंतच्या लाभाची मुदत मार्च २०२२ अखेर पूर्णपणे संपली. आजही कोणी त्या आकड्यावर घर विकत असेल तर त्याला उंबऱ्यावरूनच परत पाठवा. सप्टेंबर २०२४ पासून सुरू झालेल्या दुसऱ्या टप्प्यात, ३५ लाखांपर्यंतच्या घरासाठी घेतलेल्या २५ लाखांपर्यंतच्या कर्जात पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के व्याज अनुदान आहे. ते जास्तीत जास्त १ लाख ८० हजार रुपये आहे आणि पाच वार्षिक हप्त्यांत मिळते.

कर्जासोबत विमा गळ्यात मारणे हा तर रोजचाच प्रकार. 'विमा घेतल्याशिवाय फाईल पुढे जात नाही', असे सांगतात. तसा कोणताही कायदा नाही. विमा वाईट नाही. घरात कमावता माणूस एकच असेल तर तो घ्यावाच. पण एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जातो, तिथे सावध राहावे. ८० हजारांचा विमा ९ टक्क्यांच्या २० वर्षांच्या कर्जात मिसळला की तो जवळपास १ लाख ७३ हजारांना पडतो. स्वतंत्र मुदतीचा विमा वर्षाच्या वर्षाला भरून घेता येतो. आणि नको असलेली पॉलिसी हातात पडल्यापासून ३० दिवसांत परत करता येते. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ मुदतकर्जासाठी ठळक बाबींचे विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. त्यात फी, विमा, इतर खर्च धरून प्रत्यक्ष पडणारा वार्षिक दर लिहिलेला असतो. दोन बँकांची तुलना जाहिरातीतल्या दरावरून करू नका, या दरावरून करा.

'गृहकर्ज घेतले की टॅक्स वाचतो' हे वाक्य अजून चलनात आहे. नव्या करपद्धतीत राहत्या घराच्या व्याजाची वजावट मिळत नाही. आणि २०२५-२६ पासून त्या पद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या नेहमीच्या उत्पन्नावर कर लागत नाही. मग आपल्या शिक्षकाचा वाचतो कोणता टॅक्स?

सर्वात जास्त काळजी मला वाटते ती चाळिशीत कर्ज घेणाऱ्यांची. राज्य सरकारी कर्मचारी बहुतांशी ५८ व्या वर्षी निवृत्त होतो. १ नोव्हेंबर २००५ नंतर सेवेत आलेल्यांना सरसकट जुनी पेन्शन नाही. पंचेचाळिसाव्या वर्षी घेतलेले २० वर्षांचे कर्ज पासष्टाव्या वर्षी संपते. मधली सात वर्षे कशावर भरणार? निवृत्तीची रक्कम घरात ओतून म्हातारपणी रिकाम्या हाताने बसणार? यावर उपाय एकच, तो म्हणजे सुरुवातीच्या वर्षांत जमेल तितकी जादा रक्कम भरणे. वरच्या पहिल्या उदाहरणात वर्षातून फक्त एक हप्ता जास्त भरला तर कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी संपते आणि साडेचार लाखांहून अधिक व्याज वाचते. वैयक्तिक कर्जदाराच्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व भरण्याचा दंड बँकांना २०१२ पासून लावता येत नाही. वेतन आयोगाची थकबाकी, महागाईभत्त्याचा फरक हाती आला की आधी तिकडे वळवावा. घरभरणीच्या पंगतीला आणि चौकातल्या फलकाला नंतर बघू! तथागतांनी अनाथपिंडिकाला गृहस्थाची जी चार सुखे सांगितली त्यात ऋणमुक्तीचे सुख, अनण सुख, स्वतंत्र मोजले आहे. वंदनेला बसणाऱ्या किती जणांना ते आठवते?

आता कोर्टाची बाजू. पीककर्जाच्या शेतजमिनीला सरफेसी कायदा, २००२ लागत नाही. कलम ३१ ने ती वगळली आहे. तुमच्या अकृषिक प्लॉटवरच्या घराला तो पूर्ण लागतो. ९० दिवस थकबाकी राहिली की खाते अनुत्पादक ठरते. मग कलम १३(२) ची ६० दिवसांची नोटीस येते. आपले लोक ही नोटीस घडी घालून कपाटात ठेवतात. असे करू नका. तिला लेखी हरकत द्या. बँकेला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावेच लागते. पुढे कलम १३(४) खाली ताब्याची कारवाई झाली की ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात दाद मागायची असते. ते आहे छत्रपती संभाजीनगरला, हिंगोलीपासून दोनशे किलोमीटरहून दूर. घाबरलेला माणूस इथल्याच दिवाणी न्यायालयात मनाईचा दावा टाकतो. कलम ३४ ने दिवाणी न्यायालयाचे दार या बाबतीत बंद केलेले आहे, दावा टिकत नाही, आणि तोवर ४५ दिवस निघून जातात. पैसे जमवून घर सोडवायचे असेल तर ते लिलावाची जाहीर नोटीस प्रसिद्ध होण्यापूर्वी. २०१६ च्या दुरुस्तीनंतर आणि सर्वोच्च न्यायालयाच्या सप्टेंबर २०२३ च्या निकालानंतर पूर्वीसारखा विक्री पूर्ण होईपर्यंतचा अवधी उरलेला नाही. लिलावात कमी रक्कम आली तर उरलेले कर्ज तुमच्याच डोक्यावर राहते. घरही गेले आणि कर्जही राहिले.

सावकाराच्या जादा व्याजाचा हिशेब न्यायालय उकलू शकते. बँकेच्या व्याजाचा दर जादा आहे म्हणून तसे करता येत नाही; बँकिंग नियमन कायद्याच्या कलम २१-अ ने ती मनाई आहे. म्हणून भांडायचे ते सही करण्यापूर्वी.

शेजारच्या शिक्षकाला जामीन राहताना हेही लक्षात ठेवा, की करार कायद्याच्या कलम १२८ नुसार जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते. बँकेने आधी त्याच्याकडे जावे, मग माझ्याकडे यावे, असे म्हणता येत नाही. आणि बायकोचे नाव सहकर्जदार म्हणून घेतो तर खरेदीखतावरही घ्या. तिचा पगार हप्त्यात चालतो आणि मालकीत तिचे नाव नाही, अशी घरे मी आपल्याच वस्त्यांत मोजून दाखवू शकतो. घर एकट्या स्त्रीच्या नावे घेतले तर २०२१ पासून राज्यात मुद्रांक शुल्कात एक टक्का सवलतही आहे.

शेवटचा हप्ता भरला म्हणजे काम संपले, असे समजू नका. १ डिसेंबर २०२३ पासूनचा नियम असा, की पूर्ण फेड झाल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत आणि नोंदवलेला बोजा उठवला पाहिजे. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. कागद परत घेताना यादीशी एकेक पान ताडून पाहा, बेबाकी दाखला घ्या, आणि तो घेऊन तलाठ्याकडे किंवा नगर भूमापन कार्यालयात जाऊन मिळकतीवरचा बोजा कमी झाल्याची नोंद स्वतःच्या डोळ्यांनी बघा.